फेनवेवरचा मंगळवार

अमेरिकेत मुलाकडे किंवा मुलीकडे जाणारे मराठी आईवडील बहुधा एप्रिल ते ऑक्टोबर यांमधले महिने निवडतात. थंडी सरलेली असते, नातवंडांना सुट्टी असते आणि नायगारा, वॉशिंग्टन, स्वातंत्र्यदेवी अशी यादी तयार असते. अमेरिकेतला व्यावसायिक बेसबॉलही नेमका याच दिवसांत चालतो. साखळी सामने मार्चअखेर सुरू होतात आणि सप्टेंबरअखेर संपतात. तरीही त्या यादीत बेसबॉलचा सामना सहसा नसतो. ‘आपल्याला त्यातले काय कळणार?’ हे एक कारण आणि ‘तिकिटे फार महाग असतात म्हणे’ हे दुसरे.

या दोन्ही शंका बऱ्याचशा क्रिकेटच्या सवयीतून येतात. क्रिकेट बघायला जायचे म्हणजे आपण मोठा सामना शोधतो: समोर तगडा संघ हवा, रविवार हवा, निकालावर काहीतरी अवलंबून हवे. बेसबॉलचे गणित निराळे आहे. मेजर लीग बेसबॉलमध्ये ३० संघ आहेत. प्रत्येक संघ एका हंगामात १६२ सामने खेळतो, त्यांतले ८१ घरच्या मैदानावर. म्हणजे सहा महिने जवळजवळ रोज सामना. बॉस्टनच्या रेड सॉक्स संघाने २०१८ साली १०८ सामने जिंकले आणि पुढे वर्ल्ड सिरीजही जिंकली. त्याच वर्षी साखळीत तो ५४ वेळा हरलाही होता. जगज्जेता संघ तीन दिवसांतून एकदा हरतो अशा खेळात एकेकट्या सामन्याच्या निकालाला किती महत्त्व द्यायचे? म्हणून इथे सामना निवडण्यापेक्षा संध्याकाळ निवडावी. आणि नवख्या माणसासाठी सगळ्यात चांगली संध्याकाळ असते ती साध्यासुध्या मंगळवारची.

ती कशी आखायची, हे बॉस्टनच्या फेनवे पार्कच्या निमित्ताने पाहू. मेजर लीगमधले हे सर्वांत जुने मैदान. २० एप्रिल १९१२ रोजी ते सुरू झाले, टायटॅनिक बुडाल्यानंतर पाचच दिवसांनी. त्याच्यानंतरचे जुने मैदान म्हणजे शिकागोचे रिग्ली फील्ड, १९१४ सालचे. बाकीची बहुतेक मैदाने गेल्या तीस-पस्तीस वर्षांतली आहेत.

मुळात रात्री बेसबॉल बघणे ही गोष्टच तशी अलीकडची. व्यावसायिक बेसबॉलला सुरुवात झाली १८६९ साली, सिनसिनाटीत. पण मेजर लीगचा दिव्यांखालचा पहिला सामना झाला २४ मे १९३५ रोजी, तोही सिनसिनाटीतच. राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी व्हाइट हाउसमधून कळ दाबली आणि मैदान उजळले. तोपर्यंत सामने दुपारी होत, आणि कामावर जाणाऱ्याला सुट्टीच्या दिवसाशिवाय ते बघणे शक्य नसे. मंदीच्या काळात रिकाम्या राहणाऱ्या खुर्च्यांवर रात्रीचे सामने हा उपाय होता. फेनवेत दिवे आले १९४७ साली. रिग्ली फील्ड मात्र १९८८ पर्यंत दिव्यांविना राहिले.

कोणता दिवस?

पाहुणा संघ एका शहरात आला की लगेच परत जात नाही. त्याच दोन संघांत ओळीने तीन किंवा चार सामने होतात, आणि मग मुक्काम हलतो. त्यामुळे आज जमले नाही तर उद्या, असे म्हणायला वाव असतो. तिकिटांचे दर मागणीनुसार बदलतात. शुक्रवार-शनिवारच्या रात्री महाग. मंगळवार-बुधवारच्या त्या मानाने स्वस्त. पाहुणा संघ न्यूयॉर्क यँकीज असेल तर कोणताही वार महागच. या वैराला मोठा इतिहास आहे. रेड सॉक्सने बेब रूथ हा आपला मोहरा १९१९च्या अखेरीस यँकीजला विकला आणि १९१८ नंतरचे पुढचे विजेतेपद मिळायला बॉस्टनला २००४ उजाडले. मधल्या ८६ वर्षांच्या दुष्काळाला पुढे रूथचा शाप म्हटले गेले. त्या विजेतेपदाच्या आगेमागे, भराच्या काळात तर फेनवेत तिकीट मिळणेच कठीण होते: मे २००३ ते एप्रिल २०१३ या काळात ओळीने ८२० सामन्यांची तिकिटे संपली होती. आता तशी स्थिती नाही. आठवड्याच्या मधल्या एखाद्या बिनमहत्त्वाच्या सामन्याला आदल्या दिवशीही बरे तिकीट मिळून जाते.

महिना निवडताना हवामान ध्यानात घ्यावे. एप्रिलची तिकिटे स्वस्त असतात याचे कारण म्हणजे बॉस्टनचा एप्रिल. दुपारी ऊन असले तरी रात्री नऊच्या सुमारास पारा पाच-सात अंशांवर येतो आणि बाकावर तीन तास बसायचे असते. जूनपासून ऑगस्टपर्यंतच्या संध्याकाळी उत्तम. तरीही एक जाकीट बरोबर असावेच.

थोडा अभ्यास करायची हौस असेल तर त्या दिवशी सुरुवातीचा पिचर कोण आहे, एवढे बघावे. ताशी सुमारे दीडशे किलोमीटर वेगाने चेंडू फेकणारा हा माणूस रोज खेळू शकत नाही; साधारण पाच जणांची पाळी लागलेली असते आणि प्रत्येकाची वेळ पाच-सहा दिवसांनी येते. कोण कधी टाकणार हे दोन-तीन दिवस आधी जाहीर होते. संघ तोच, पण पिचर बदलला की सामन्याचा रंग बदलतो.

बसायचे कुठे?

फेनवेचे वय त्याच्या आसनांत जाणवते. मैदानालगतच्या रांगा, त्यामागच्या रांगा आणि त्याही मागे छपराखालचा ग्रँडस्टँड. ग्रँडस्टँडमधल्या लाकडी खुर्च्या १९३४च्या सुमाराच्या आहेत. त्या अरुंद आहेत, गुडघ्यांना जागा कमी आहे, आणि छपराला आधार देणारे खांब जिथल्या तिथे उभे आहेत. खांबामागची खुर्ची मिळाली तर सामनाभर एक तर पिचर दिसतो, नाहीतर बॅटर. तिकीट घेताना ‘दृश्यात अडथळा’ अशी सूचना असली तर ती गांभीर्याने घ्यावी. उजव्या टोकाच्या काही विभागांत दुसरीच गंमत आहे: खुर्च्यांचे तोंड बॅटरकडे नसून मैदानाच्या मध्याकडे आहे, त्यामुळे मान सतत डावीकडे वळवून बसावे लागते. साठीच्या पुढच्या मंडळींसाठी ही जागा टाळावी. छप्पर असलेल्या भागात, होम प्लेटच्या (बॅटरच्या जागेच्या) मागे किंवा तिसऱ्या बेसच्या बाजूला, खांब चुकवून मिळालेली खुर्ची ही पैशांच्या मानाने सर्वांत चांगली.

समोरच्या उघड्या बाकांना ब्लीचर्स म्हणतात. तिकिटे स्वस्त, माणसे बोलकी. पण उन्हाळ्यात सूर्य सव्वाआठच्या पुढे मावळतो आणि पहिला तास-दीड तास किरणे थेट डोळ्यांवर येतात. या हिरव्या बाकांमध्ये एकच खुर्ची लाल आहे. रेड सॉक्सच्या टेड विल्यम्सने ९ जून १९४६ रोजी मारलेला ५०२ फुटांचा होम रन (थेट सीमेपार फटका) तिथे येऊन पडला होता, थेट एका प्रेक्षकाच्या गवती टोपीवर. त्या खुर्चीपाशी उभे राहून बॅटरच्या जागेकडे नजर टाकली की तो फटका किती लांबचा होता हे आकड्यापेक्षा लवकर कळते. मधल्या बाकांचा एक पट्टा दिवसाच्या सामन्यांत गडद कापडाने झाकून ठेवतात. पांढऱ्या सदऱ्यांच्या गर्दीतून पांढरा चेंडू बॅटरला दिसणार नाही, म्हणून. रात्री ही अडचण नसते. त्यामुळे फेनवेत रात्री सुमारे ३७,७०० माणसे बसतात आणि दिवसा साडेचारशे कमी.

डावीकडे उभी आहे ती प्रसिद्ध हिरवी भिंत, ग्रीन मॉन्स्टर. मैदानामागे रस्ता असल्यामुळे तिथे पुरेशी जागाच नव्हती. डाव्या कोपऱ्यातली सीमा बॅटरपासून फक्त ३१० फुटांवर येते. ती तूट उंचीने भरून काढली आहे. भिंत ३७ फूट २ इंच उंच आहे. इतर मैदानांवर सहज होम रन ठरणारा खालून गेलेला फटका इथे भिंतीवर आपटून परत येतो, आणि इतरत्र झेल ठरणारा उंच फटका इथे भिंतीपलीकडे जातो. २००३ पासून भिंतीच्या माथ्यावरही खुर्च्या आहेत. त्या थोड्या आहेत आणि महाग आहेत. पण भिंत बघायची असेल तर तिच्या समोर बसणेच बरे. नाहीतर दिवसा मैदान दाखवणाऱ्या सहली असतात, त्यांत ती जवळून बघता येते.

जाणे आणि खाणे

गाडी नेऊ नये. मैदान शहराच्या दाट वस्तीत आहे आणि सामन्याच्या दिवशी आसपासच्या पार्किंगचे दर तिकिटालाही लाजवतात. ग्रीन लाइन या शहरी रेल्वेच्या गाडीने केनमोर स्थानकावर उतरावे. बी, सी आणि डी या तिन्ही फाट्यांच्या गाड्या तिथे थांबतात. गर्दीच्या मागोमाग चालत गेले की पाच-सात मिनिटांत मैदान येते. उपनगरातून येणाऱ्यांसाठी लॅन्सडाउन हे रेल्वे स्थानक अगदी लगत आहे. मात्र रात्री परतीच्या गाड्या विरळ असतात, त्यांच्या वेळा आधीच बघून ठेवाव्यात. तिकीट फोनमध्येच असते, त्यामुळे निघताना फोन पूर्ण चार्ज केलेला असावा. मोठ्या पिशव्या आणि पाठीवरच्या सॅक दारातच अडवतात, आणि बाहेरच्या खाण्यापिण्याचे नियम मैदानागणिक वेगळे आहेत. आदल्या दिवशी संघाच्या संकेतस्थळावर ते वाचून घेतले की डबा दारातच टाकून द्यावा लागत नाही.

दारे साधारण दीड तास आधी उघडतात. तेव्हाच पोहोचावे. जर्सी स्ट्रीट हा मैदानालगतचा रस्ता सामन्याच्या दिवशी बंद करून आत घेतात. रस्त्यावरचे वाद्यवृंद, सॉसेज भाजल्याचा वास असा सगळा माहोल तिथे असतो.

खाण्यात हॉट डॉगला पहिला मान. शाकाहारी मंडळींनी हिरमुसू नये. पॉपकॉर्न, मीठ लावलेले मोठे प्रेट्झेल, बटाट्याच्या तळलेल्या काचऱ्या, पिझ्झा, आइस्क्रीम हे सगळे मिळते, आणि बेसबॉलचा जुना खाऊ तर आपल्या ओळखीचाच आहे: भाजलेल्या भुईमुगाच्या शेंगा. त्या सालासकट मिळतात आणि टरफले पायाशीच टाकायची असतात. लोकमान्यांच्या टरफलांची गोष्ट शाळेत ऐकलेल्या मराठी माणसाचा हात पहिल्यांदा अडखळतो. पण इथे ती रीतच आहे आणि कोणी गुरुजी विचारायला येत नाहीत. बिअर घ्यायची असेल तर केस पिकलेल्या माणसालाही वयाचा पुरावा मागतात, तेव्हा पासपोर्ट किंवा तशी ओळख जवळ हवी. नऊपैकी सातव्या-आठव्या इनिंगच्या (डावाच्या) सुमारास विक्री बंद होते.

कळण्यापुरता खेळ

सगळे नियम पाठ करून जायची गरज नाही. एक झुंज नीट बघता आली की सामना कळू लागतो: पिचर आणि बॅटर यांची. त्यांच्यात अंतर ६० फूट ६ इंच. चेंडू टप्पा न पडता येतो आणि वेगवान असेल तर जेमतेम ०.४ सेकंदात पोहोचतो. होम प्लेट १७ इंच रुंद आहे. तिच्यावरून, बॅटरच्या गुडघ्यापासून छातीच्या खालपर्यंतच्या चौकटीतून चेंडू गेला आणि त्याने तो सोडला तर तो स्ट्राइक. बॅट फिरवून चुकला तरी स्ट्राइक. चौकटीबाहेरचा चेंडू सोडला तर तो ‘बॉल’. तीन स्ट्राइक झाले की बॅटर बाद, चार बॉल झाले की पहिला बेस फुकट. तिन्ही बेस गाठून होम प्लेटवर परतले की एक धाव. रेषेबाहेर गेलेला फटका म्हणजे फाउल. दोन स्ट्राइक होईपर्यंत तो स्ट्राइक धरतात, पुढे धरत नाहीत.

आता समजा, दोन गडी बाद आहेत, तिन्ही बेसवर धावणारे उभे आहेत आणि तीन बॉल, दोन स्ट्राइक झाले आहेत. पुढचा चेंडू सोडला आणि तो बाहेरचा ठरला तर बसल्या जागी धाव मिळणार. आत आला तर तिसरा गडी बाद आणि डाव खलास. पिचरला चौकटीत टाकणे भाग आहे आणि बॅटरला ते ठाऊक आहे. चेंडू हातातून सुटताच तिन्ही धावणारे पळत सुटतात, कारण आता थांबून त्यांचा काहीच फायदा नसतो. फटका बसतो, पण फाउल. तिघेही आपापल्या बेसवर परत. पुन्हा तेच. पुन्हा फाउल. चार-पाच चेंडू असे जातात आणि धावसंख्या एकानेही हललेली नसते, पण सगळे मैदान उभे असते. बेसबॉल संथ आहे अशी तक्रार असते. त्यातला थरार बहुतेक वेळा अशा न हललेल्या आकड्यांत असतो.

मोजणी चुकली तर हिरव्या भिंतीकडे बघावे. तिच्या पायथ्याच्या फलकावर बॉलसाठी हिरवे दिवे लागतात, स्ट्राइक आणि बाद गड्यांसाठी लाल. धावांचे आकडे मात्र आजही हाताने बदलतात. भिंतीच्या पोटात एक अरुंद खोली आहे. तिथे बसलेली माणसे फटींतून सामना बघतात आणि अंक लिहिलेल्या धातूच्या पाट्या खाचांत सरकवतात. दोन डावांच्या मधल्या वेळात बाहेर येऊन इतर शहरांतल्या सामन्यांचे आकडेही तीच बदलतात. फलकावरच्या उभ्या पट्ट्यांत ठिपके आणि रेघा दिसतात. ती मोर्स लिपी आहे: टॉम आणि जीन यॉकी या जुन्या मालक दांपत्याची आद्याक्षरे.

क्रिकेटवेड्या मराठी माणसाला आणखी एक धागा सापडेल. व्यावसायिक बेसबॉलचा तो पहिला सिनसिनाटीचा संघ बांधणारा हॅरी राइट इंग्लंडातल्या शेफील्डचा, आणि आधी न्यूयॉर्कच्या सेंट जॉर्ज क्लबचा पगारी क्रिकेटपटू होता. १८७१ साली त्यानेच बॉस्टनमध्ये व्यावसायिक बेसबॉल आणला. खेळाची आकडेवारी रुजवणारा हेन्री चॅडविकही इंग्लंडात जन्मलेला आणि क्रिकेटच्या बातम्या लिहिणारा पत्रकार. आजही प्रेक्षकांतले काही जण पेन्सिलीने धावपत्रक भरताना दिसतात. प्रत्येक क्षेत्ररक्षकाला एकापासून नऊपर्यंत क्रमांक असतो आणि ‘६-४-३’ एवढे लिहिले की चेंडू कोणाकडून कोणाकडे जाऊन दोन गडी बाद झाले ते समजते. शेजाऱ्याच्या हातात असे पत्रक दिसले तर खुशाल विचारावे. समजावून सांगायला तो उत्सुकच असतो.

एका बाबतीत मात्र हा खेळ क्रिकेटहून फार दिलदार आहे. प्रेक्षकांत आलेला चेंडू परत मागत नाहीत. १९२१ साली न्यूयॉर्कमध्ये असा चेंडू न देणाऱ्या प्रेक्षकाला मैदानाबाहेर काढले होते. तो कोर्टात गेला आणि जिंकला. चेंडू कातडी आणि कठीण असतो, म्हणून जवळच्या रांगांसमोर आता जाळी लावलेली असते. जाळी नसलेल्या भागात बसणाऱ्याने पिचर चेंडू टाकत असताना फोनमध्ये डोके घालू नये.

रात्र किती वाजता संपते?

आठवड्यातले सामने संध्याकाळी पावणेसात ते सव्वासातच्या सुमारास सुरू होतात. २०२३ पासून पिचरवर घड्याळाचा धाक आहे: बेस रिकामे असतील तर १५ सेकंदांत चेंडू टाकायचा. पूर्वी नऊ इनिंगचा सामना तीन तासांच्या पुढे जाई, तो आता सरासरी दोन तास चाळीस मिनिटांच्या आसपास आटोपतो. बरोबरी मान्य नाही. नऊ इनिंगनंतर धावा समान असतील तर जादा इनिंग होतात, आणि त्या लांबू नयेत म्हणून प्रत्येक संघाला दुसऱ्या बेसवर एक धावणारा आयताच देतात. पावसाने पाच इनिंगआधीच सामना थांबला किंवा सुरूच झाला नाही, तर तो पुढे ढकलतात आणि जुने तिकीट नव्या तारखेला चालते. पैसे परत मिळतीलच असे नाही. म्हणून परतीच्या विमानाच्या आदल्या रात्रीचे तिकीट काढू नये.

सातव्या इनिंगच्या मध्यात सगळे उठून हातपाय मोकळे करतात आणि १९०८ सालचे एक बेसबॉलगीत गातात. ही प्रथा अमेरिकाभर आहे. आठव्या इनिंगच्या मध्यात नील डायमंडचे ‘स्वीट कॅरोलाइन’ लागते, ती खास फेनवेची २००२ पासूनची नेमाची प्रथा. संघ हरत असला तरी गाण्याचा आवाज कमी होत नाही. किमान तोपर्यंत तरी थांबावे.

फेनवे जमलेच नाही तर खालच्या पायरीवरचे बेसबॉलही आहे. रेड सॉक्सचा दुय्यम संघ वुस्टरच्या पोलर पार्कमध्ये खेळतो. हे मैदान २०२१ साली सुरू झाले, आणि श्रूझबरी-वेस्टबरोकडच्या मराठी घरांना तर ते बॉस्टनपेक्षा कितीतरी जवळ. तिकिटे स्वस्त, गर्दी घरगुती, आणि मुले खेळाडूंच्या अगदी जवळ जाऊ शकतात. याच दुय्यम साखळ्यांच्या एका खालच्या पायरीवर उत्तर प्रदेशचे रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हे दोन भालाफेकपटू पिचर म्हणून खेळले. टीव्हीवरच्या स्पर्धेतून निवडलेल्या या दोघांशी २००८ साली पिट्सबर्ग पायरेट्सने करार केला होता.

इतके करूनही घरचा संघ हरला, तर मनाला लावून घ्यायचे नाही. शेजारची माणसेही घेत नाहीत. तेच दोन संघ बुधवारी संध्याकाळी त्याच मैदानावर असतात, फक्त पिचर दुसरा असतो. आणि तिकिटेही बहुधा शिल्लक असतात.